साचा सारखा म्हणून कामं सुटी होत नाहीत

नवी मुंबईतल्या ऐरोली-महापे पट्ट्यातल्या सॉफ्टवेअरच्या ऑफिसांत नव्या मुलांच्या मुलाखती घेताना ‘पॅरललिझम (समांतरता) म्हणजे काय?’ या प्रश्नाला ठरलेलं उत्तर येतं: ‘एकसारखी कामं एकाच वेळी करणं.’ ‘एकसारखीच का?’ असं विचारलं की समोरचा थांबतो. सगळा घोळ त्या ‘एकसारखी’त आहे. ते व्याकरणाच्या तासातून आलेलं असतं, ‘एकाच वेळी’ कॉम्प्युटरच्या वर्गातून, आणि दोन्ही एका व्याख्येत कोंबलेली असतात. क्लासच्या नोट्समध्येही हीच व्याख्या दिसते, त्यामुळे मुलांना बोल लावण्यात अर्थ नाही. पण हा समज घेऊन माणूस कोड लिहायला बसला की चुकीचे हिशेब निघतात. शिवाय ती चूक रोज दिसत नाही, कधीतरीच दिसते, म्हणून शोधताना जीव जातो.

भाषेतली समांतरता आपल्याला शाळेपासून माहीत आहे, तेव्हा ती पटकन संपवतो. एका वाक्यात किंवा यादीत जे घटक एका पातळीवर मांडायचे, त्यांचं रूप एकच ठेवायचं. ठाण्यातल्या कुठल्याही कार्यालयाबाहेरच्या फलकावर ‘अर्ज भरणे, फोटो जोडा, शुल्क भरावे’ असं वाचायला मिळतं. तीन कामं, तीन रूपं. मला हे बघवत नाही. ‘अर्ज भरा, फोटो जोडा, शुल्क भरा’ लिहायला अक्षरंसुद्धा कमी लागतात. वक्तृत्वात आणि काव्यात हाच साचा परिणामासाठी वापरतात. ऑक्सफर्डचे प्राध्यापक रॉबर्ट लाउथ यांनी १७५३ साली प्रसिद्ध झालेल्या व्याख्यानांत हिब्रू कवितेतल्या समांतर ओळींचे तीन प्रकार सांगितले: तोच अर्थ पुन्हा सांगणाऱ्या, उलट अर्थ समोर ठेवणाऱ्या आणि पहिलीचा विचार पुढे नेणाऱ्या. दुसऱ्या प्रकाराला आपल्याकडे ‘आपला तो बाब्या, दुसऱ्याचं ते कार्टं’ याहून चांगलं उदाहरण नाही.

आता खरी गोष्ट. भाषेतली समांतरता रूपाबद्दल बोलते, अवलंबनाबद्दल काहीच बोलत नाही. ‘असतील शितं तर जमतील भुतं’ ही म्हण घ्या. दोन्ही भागांत क्रियापद आधी, मग नाम. दोन्ही क्रियापदं एकाच रूपात, शेवटी यमकही जुळलेलं. साचा इतका पक्का की कान सुखावतो. पण भुतं जमणं पूर्णपणे शितांवर टांगलेलं आहे. शितं नाहीत तर भुतं नाहीत. दोन्ही घटना एकदम सुरू करता येणार नाहीत.

याहून सूक्ष्म उदाहरण आपल्या सार्वजनिक जीवनातलं आहे. बाबासाहेब आंबेडकरांनी १९४२ मध्ये नागपूरच्या परिषदेत दिलेला संदेश इंग्रजीत ‘एज्युकेट, ॲजिटेट, ऑर्गनाइझ’ या क्रमाने होता. मराठीत घराघरांत पोहोचला तो ‘शिका, संघटित व्हा, संघर्ष करा’ या क्रमाने. तीनही आज्ञार्थी रूपं एका पातळीची, त्यामुळे व्याकरणाला दोन्ही क्रम चालतात. कानालाही दोन्ही गोड लागतात. तरी आधी संघर्ष की आधी संघटन, यावर कार्यकर्ते आणि अभ्यासक पोटतिडकीने वाद घालतात, आणि तो वाद रास्त आहे. पहिल्या क्रमात चेतलेली माणसं संघटना उभी करतात, दुसऱ्यात उभी असलेली संघटना लढा देते. रूप समांतर ठेवलं म्हणून क्रमाचा प्रश्न मिटला नाही, तो फक्त दिसेनासा झाला.

मराठीकडे अवलंबन दाखवायची स्वतःची साधनं आहेत, आणि प्रोग्रॅमिंग शिकवताना ती कुणी वापरत नाही याचं मला वाईट वाटतं. ‘भाजी चिरून फोडणीला टाकली’ यातल्या ‘-ऊन’ने क्रम बांधला; चिरण्याआधी फोडणीला टाकणं शक्य नाही. ‘ती चालता चालता बोलत होती’ यात दोन्ही क्रिया एकाच वेळी चालल्यात, हे उघड सांगितलं. आणि ‘त्याने दार उघडलं आणि दिवा लावला’? इथे ‘आणि’ गप्प आहे. आधी दार की आधी दिवा, दोघांचा एकमेकांशी संबंध आहे की नाही, हे वाचणारा संदर्भाने ठरवतो. माणसाला ते जमतं. यंत्राला दिलेल्या कोडमध्ये असं गप्प ‘आणि’ राहिलं की पंचाईत होते.

ती कशी, ते जवळून बघू. घोडबंदर रोडवरच्या एखाद्या सोसायटीत ४०० फ्लॅट आहेत असं धरा. महिन्याची बिलं काढणाऱ्या लूपमध्ये, म्हणजे तीच ओळ पुन्हा पुन्हा चालवणाऱ्या कोडमध्ये, ही ओळ आहे (क म्हणजे यादीतला अनुक्रमांक):

बिल[क] = सेवाशुल्क + पार्किंग[क]

रोजकीर्द लिहिणाऱ्या लूपमध्ये ही:

शिल्लक[क] = शिल्लक[क-१] + जमा[क]

आणि महिन्याची एकूण वसुली काढणाऱ्या लूपमध्ये ही:

एकूण = एकूण + जमा[क]

तीनही लूपांत एकच ओळ शेकडो वेळा चालते. भाषेच्या मापाने तिन्ही परिपूर्ण समांतर आहेत. पण पहिला लूपच खरा सुटा आहे. १०१ नंबरच्या बिलाला १०२ च्या बिलाशी काही देणंघेणं नाही, ती कुठल्याही क्रमाने काढा, चार जणांत वाटून काढा. दुसऱ्यात प्रत्येक ओळ आदल्या ओळीचं उत्तर हातात येईपर्यंत अडून राहते. ही भाजी चिरूनच फोडणीला टाकायची आहे. कीर्दही तुकड्यांत वाटून लिहिण्याची रीत आहे, पण तिच्यासाठी हिशेब नव्याने रचावा लागतो. आहे त्याच ओळीवर ‘पॅरलल’ची पाटी लावून भागत नाही.

सगळ्यात घातकी तिसरा. क्रम उलटा केला तरी बेरीज तीच येते, म्हणून तो निरुपद्रवी वाटतो. आता दोन थ्रेड, म्हणजे एकाच प्रोग्रॅममधले एकदम चालणारे दोन धागे, तो चालवतायत. एकूण आहे ४०००. पहिल्याने ४००० वाचले, त्याच क्षणी दुसऱ्यानेही ४००० वाचले. पहिल्याने ५०० मिळवून ४५०० लिहिले, दुसऱ्याने ७०० मिळवून त्याच जागी ४७०० लिहिले. यायला हवे होते ५२००. पाचशे रुपये हवेत गेले, एरर नाही, इशारा नाही. पुढच्या वेळी थ्रेडांची वेळ वेगळी पडली की उत्तर बरोबर येईल आणि तपासणारा म्हणेल, ‘माझ्याकडे तर चालतंय.’

म्हणून ‘उलट क्रमाने चालवून बघा’ ही लोकप्रिय चाचणी मला अपुरी वाटते. खरी कसोटी संगणकशास्त्रज्ञ बर्नस्टाइन यांनी १९६६ मध्येच मांडून ठेवली आहे. दोन कामं एकदम चालवायची तर पहिलं जे लिहितं ते दुसऱ्याने वाचता कामा नये, दुसरं जे लिहितं ते पहिल्याने वाचता कामा नये, आणि दोघांनी एकाच जागी लिहिता कामा नये. तीनही अटींत ‘एकसारखी’ हा शब्द कुठेच नाही. आपला तिसरा लूप तिन्ही अटी मोडतो. उपाय सोपा आहे: प्रत्येक थ्रेडने आपापली पोटबेरीज वेगळ्या जागी ठेवायची आणि शेवटी त्या पोटबेरजा एकत्र करायच्या. तेव्हा रकमा मात्र पैशांत, पूर्णांकांतच ठेवा. दशांश संख्या नेहमीच्या फ्लोटिंग पॉइंटमध्ये, म्हणजे कॉम्प्युटरच्या ठरावीक अंकांपुरत्याच नेमक्या मांडणीत, ठेवल्या तर कंस बदलला की उत्तर बदलतं. (०.१ + ०.२) + ०.३ चं उत्तर ०.६००००००००००००००१ येतं, आणि ०.१ + (०.२ + ०.३) चं ०.६. पोटबेरजा करणं म्हणजे कंस हलवणंच.

कंपायलर, म्हणजे आपला कोड यंत्राच्या भाषेत बदलणारा प्रोग्रॅम, हे पकडेल या भरवशावर राहू नका. सी किंवा फोरट्रान या भाषांमध्ये लूपच्या डोक्यावर ओपनएमपी या समांतर प्रोग्रॅमिंगच्या मानकाची ‘पॅरलल’ म्हणणारी एक ओळ लिहिली की कंपायलर लूप वाटून टाकतो. ओळी खरंच सुट्या आहेत का, हे बघणं त्या मानकाने लिहिणाऱ्यावर सोपवलं आहे. रूप पाहून ती ओळ चिकटवणारे मला नियमित भेटतात.

उलट बाजूही तितकीच खरी आहे. बिलाची पीडीएफ बनवणं, थकबाकीदारांना एसएमएस पाठवणं आणि जुन्या नोंदींचा बॅकअप घेणं यांचा कोड कुठेच एकमेकांसारखा नाही. तरी एकमेकांच्या जागेला हात लावत नसतील तर ती खुशाल एकदम चालवावीत.

कॉन्करन्सी (अनेक कामं आळीपाळीने पुढे नेणं) आणि पॅरललिझम यांच्यातल्या फरकावर लोक पानंच्या पानं खर्च करतात. मला तो फरक एका उदाहरणाचा वाटतो. ठाणे ते दिवा टप्प्यात आधी मेल-एक्स्प्रेस आणि लोकल त्याच रुळांवरून आळीपाळीने जात, ती कॉन्करन्सी. फेब्रुवारी २०२२ मध्ये पाचवी-सहावी मार्गिका आली आणि दोन्ही आपापल्या रुळांवरून एकाच वेळी जाऊ लागल्या, तो पॅरललिझम. पायथन या प्रोग्रॅमिंग भाषेच्या नेहमीच्या आवृत्तीत एक सामाईक लॉक एका वेळी एकाच थ्रेडला पायथनचा कोड चालवू देतो, म्हणून तिथले थ्रेड पहिल्या प्रकारचे. २०२४ च्या ३.१३ पासून त्या लॉकशिवायची वेगळी आवृत्तीही मिळते.

‘पॅरलल केलं की वेग वाढतो’ हेही तसंच. कॉम्प्युटरचे रचनाकार जीन अ‍ॅमडाल यांनी १९६७ मध्ये मांडलेला हिशेब सांगतो की कामाचा १० टक्के भाग एकामागून एकच होणारा असेल, तर हजार प्रोसेसर लावूनही वेग १० पटींपलीकडे जात नाही.

एका ठिकाणी मात्र सारखेपणाला खरंच किंमत आहे, आणि बहुधा तिथूनच ती व्याख्या पसरली असावी. ग्राफिक्सच्या चिपवर, म्हणजे जीपीयूवर, एकच आज्ञा अनेक आकड्यांवर एकदम चालते. एनव्हिडियाच्या चिपवर ३२ थ्रेडांचा गट एका पावलाने चालतो, त्याला वॉर्प म्हणतात. इथे कामं सुटीही हवीत आणि सारखीही. लाखो बिलं अशा चिपवर काढताना ‘फ्लॅट भाड्याने दिला असेल तर नॉन-ऑक्युपन्सी चार्जेस लाव’ असा ‘जर’ घातला, आणि एका वॉर्पमध्ये काही फ्लॅट भाड्याचे, काही मालकांचे आले, की दोन फाटे फुटतात. आधी एका फाट्याचे थ्रेड चालतात तेव्हा बाकीचे रिकामे बसतात, मग उलट. म्हणून अनुभवी माणसं भाड्याचे फ्लॅट आधीच वेगळ्या यादीत काढतात. किंवा भाड्याने[क] मध्ये ० किंवा १ ठेवून ‘जर’च काढून टाकतात:

बिल[क] = सेवाशुल्क + पार्किंग[क] + भाड्याने[क] × जादाशुल्क

मालक राहत असेल तिथे शून्याने गुणलं जातं, आणि ३२ ही थ्रेड एकच ओळ चालवतात.