प्रयोग संपल्यावर काय उरतं? परफॉर्मन्स आर्टची पार्श्वभूमी

परफॉर्मन्स आर्टमध्ये कलाकाराने लोकांसमोर, बहुधा स्वतःच्या शरीराने केलेली कृती हीच कलाकृती असते. ‘मी कोण’ हा प्रश्न तिच्यात पुन्हा पुन्हा येतो, आणि कृती संपली की मागे पुरावा काय उरतो हाही. कलाकार ॲलन कॅप्रोने १९५९मध्ये न्यूयॉर्कच्या रूबेन गॅलरीत प्लॅस्टिकच्या पडद्यांनी तीन खोल्या पाडल्या. घंटा वाजली की प्रेक्षकांनी ठरल्याप्रमाणे जागा बदलायची. चित्रकला भिंतीवरून उतरली खरी, पण ‘मी कोण’ हा प्रश्न तिथे नव्हता. तो १९६४मध्ये जपानमधल्या क्योटोत कलाकार योको ओनोच्या प्रयोगात आला. ती मंचावर बसून राहिली आणि समोरच्या कात्रीने प्रेक्षक एकेक येऊन तिचे कपडे कापत गेले. सूचना जेमतेम चार ओळींच्या असल्याने तोच प्रयोग २००३मध्ये पॅरिसला पुन्हा करता आला.

कलाकार एड्रियन पायपर १९७३पासून आफ्रो विग, मिशी आणि गॉगल लावून पुरुषवेशात रस्त्यावर फिरू लागली. तोंडाने ती स्वतःच्या जुन्या डायरीतली वाक्यं घोकायची. वेश परका आणि आठवण स्वतःची, इतकी नेमकी जोडणी त्याआधी क्वचितच कुणाला साधली असेल. १९६१मध्ये आईवडिलांविना क्यूबाहून अमेरिकेत आलेली कलाकार आना मेंडिएटा चिखल-वाळूत स्वतःची आकृती उमटवायची. ती विरून जाई. आज उरल्यात त्या स्लाइड आणि सुपर ८ या छोट्या हौशी कॅमेऱ्याची फिल्म, म्हणजे कॅमेऱ्याने जेवढं टिपलं तेवढंच.

पुराव्याच्या बाबतीत कलाकार तेहचिंग शे सगळ्यांत काटेकोर. एप्रिल १९८० ते एप्रिल १९८१, दर तासाला हजेरीच्या घड्याळात कार्ड पंच करायचं आणि १६ मिमी फिल्मची एक फ्रेम काढायची. सुरुवातीला डोकं भादरलेलं, त्यामुळे वाढत्या केसांवरून काळ मोजता येतो. वर्षाची फिल्म झाली सहा मिनिटांची. कार्डांवर साक्षीदाराच्या सह्या. ८,७६० पैकी १३३ पंच हुकले: ९४ झोपेमुळे, २९ उशिरामुळे, १० वेळेआधी पंच केल्यामुळे. हा चुकांचा हिशेबही त्याने लपवला नाही, आणि माझ्या मते कामाची विश्वासार्हता त्यातच आहे.

अशी नोंद नसली की पंचाईत होते. कलाकार मरीना अब्रामोविचने २००५मध्ये न्यूयॉर्कच्या गुगेनहाइम संग्रहालयात सलग सात रात्री, रोज सात तास, बहुतांशी इतरांचे जुने प्रयोग नव्याने केले. काहींची मोजकीच छायाचित्रं हाती होती. शिवाय परवानगीचा प्रश्न होताच. क्रिस बर्डन या कलाकाराने तर आपला प्रयोग पुन्हा करू द्यायला चक्क नकार दिला.

भारतात रुम्माना हुसेनने मुंबईच्या एनसीपीए या कलाकेंद्रात १९९५मध्ये, बाबरीनंतरच्या वातावरणात, पायात घुंगरू आणि हातात अर्धी चिरलेली पपई घेऊन प्रयोग केला. निखिल चोप्राने २००७पासून चित्रकार आजोबांवरून ‘योगराज चित्रकार’ हे पात्र उभं केलं. दाढी करणं, जेवणं, कपडे बदलणं सगळं लोकांसमोर, आणि त्याच ओघात कोळशाने भलंमोठं निसर्गचित्र. इथे निदान चित्र मागे उरतं. पण नुसतं तेच टांगलं, तर कोणत्या वेशात कोणता भाग काढला याचा पत्ता लागत नाही. वेळेची नोंद आणि कपडे सोबत ठेवावेच लागतात.