होजिअरी : मोज्यांचा शब्द बनियनवर कसा आला

तालुक्याच्या कुठल्याही बाजारपेठेत 'रेडिमेड, होजिअरी व कटलरी' अशी पाटी सापडतेच. आत बनियन, चड्ड्या, लेगिंग, टी-शर्ट, लहान मुलांची झबली, एका कोपऱ्यात मोजे आणि थंडीच्या दिवसांत कानटोप्या. हातरुमालही तिथेच मिळतात. ते मागावरच्या कापडाचे असतात, तरी गिऱ्हाईक त्यांना होजिअरीतच धरतं. दुकानदाराला होजिअरी म्हणजे काय असं विचारलं, तर तो बनियनचं कापड दोन बोटांत धरून ताणून दाखवेल आणि सोडून देईल. ताणलं जातं आणि परत जागेवर येतं, ते होजिअरी. व्याख्या म्हणून ही वाईट नाही. मात्र शब्दाचा मूळ अर्थ तिच्यात कुठेच नाही.

तो अर्थ परका राहिला, याला आपली भाषाही थोडी जबाबदार आहे. मराठीत आजी स्वेटर विणते, कोष्टी लुगडं विणतो, सुगरण घरटं विणते आणि खाटेला नवारही विणली जाते. क्रियापद एकच. कृती मात्र अगदी वेगळ्या आहेत. मागावर उभे धागे ताणून बसवलेले असतात, त्यांच्यातून आडवा धागा जातो आणि असं कापड फारसं ताणलं जात नाही. सुयांवरच्या कामात एकाच धाग्याचे फास एकमेकांत अडकवत जायचं असतं. एक टाका सुटला की खालपर्यंत सगळं उसवत जातं. इंग्रजीत या दोन कामांना पहिल्यापासून दोन क्रियापदं आहेत, आणि त्यांतलं सुयांवरच्या कामाचं 'निट' हे 'नॉट', म्हणजे गाठ, या शब्दाचं भावंड आहे. मराठीत 'विणकर' म्हटलं की डोळ्यांसमोर माग येतो. सुयांवर किंवा निटिंग मशिनवर काम करणाऱ्याला वेगळं नावच नाही. ही रिकामी जागा 'होजिअरी'ने भरली. पण तो शब्द मालाचा. तो माल काढणाऱ्या माणसाचा इंग्रजी शब्द, 'होजिअर', आपण उचललाच नाही. त्याला आपण 'होजिअरीवाला' करून टाकलं.

'होज' हा जुन्या जर्मानिक कुळातला शब्द. इंग्रजीत त्याचा अर्थ पाय झाकणारं वस्त्र. जर्मनमध्ये 'होजं' म्हणजे आजही पँट. मध्ययुगीन युरोपातले पुरुष कमरेपासून पावलापर्यंत पायांना चिकटून बसणारे होज घालत. ते सुयांवर विणलेले नसत. लोकरी कापड उरेब, म्हणजे तिरपं, कापून ते शिवत, कारण उरेब कापड थोडं ताणलं जातं. म्हणून सर्वांत जुना 'होजिअर' हा एक प्रकारचा शिंपीच. कोळसेवाल्याला 'कोलिअर', काचा बसवणाऱ्याला 'ग्लेझिअर', कापडवाल्याला 'क्लोदिअर', तसाच 'होजिअर'. या साच्यातल्या धंद्यांच्या नावांत बनवणारा आणि विकणारा असा भेद पक्का नसे, कारण पुष्कळदा दोन्ही कामं एकच माणूस करी. पुढे ही दोन कामं फुटली, तेव्हा शब्द विकणाऱ्याकडे गेला.

ती फूट एका यंत्रामुळे पडली. सोळाव्या शतकात इंग्लंडमध्ये सुयांवर हाताने विणलेल्या मोज्यांची चलती झाली होती. १५८९ साली नॉटिंगहॅमशायरमधल्या कॅल्व्हर्टन गावच्या विल्यम ली याने मोजे विणण्याची चौकट बनवली. तो पाद्री होता, अशी परंपरा आहे. हाताने विणताना एकेक टाका घालावा लागतो. लीच्या चौकटीत प्रत्येक टाक्याला स्वतंत्र आकड्याची सुई होती आणि पूर्ण ओळ एका दमात पडे. पहिली एलिझाबेथ राणी या यंत्रावर खूश झाली नाही. हाताने विणून पोट भरणाऱ्यांचा घास जाईल म्हणून तिने नकार दिल्याची कथा इंग्लंडमध्ये वर्षानुवर्षं सांगितली जाते. ली फ्रान्सला गेला. तिथे राजा चौथ्या हेन्रीचा आधार मिळाला, पण १६१० मध्ये हेन्रीचा खून झाला आणि लीचे शेवटचे दिवस हलाखीत गेले. यंत्र इंग्लंडला परत आलं आणि मिडलंड्समध्ये, म्हणजे नॉटिंगहॅम, लेस्टर आणि डर्बीच्या पट्ट्यात स्थिरावलं. १६५७ साली क्रॉमवेलच्या राजवटीत चौकटीवर विणणाऱ्यांच्या संघाला सनद मिळाली.

इथून पुढे इंग्रजीत या धंद्यातल्या माणसांची दोन नावं चालू लागली. चौकटीवर बसून हातापायांनी यंत्र चालवणारा तो 'फ्रेमवर्क निटर' किंवा बोलीत 'स्टॉकिंगर'. सूत देणारा, तयार मोजे घेणारा आणि लंडनला पाठवणारा तो 'होजिअर'. चौकट पुष्कळदा होजिअरच्या मालकीची, ठेवलेली मात्र विणणाऱ्याच्या घरात. खिडक्या रुंद, कारण उजेड हवा. बायको चाकावर सूत गुंडाळते, मुलं शिवण घालतात. गावोगाव फिरून काम वाटणारा आणि माल गोळा करणारा मधला माणूस 'बॅग होजिअर' म्हणून ओळखला जाई. शब्द त्याच्या झोळीवरून आला. डॅनिअल डिफो लेखक म्हणून नावारूपाला येण्याआधी मोज्यांचा व्यापार करी. विरोधक त्याला 'होजिअर' म्हणून हिणवत आणि तो ते नाकारी. आपण घाऊक व्यापारी आहोत, दुकानात बसून मोजे विकणारे नव्हे, असं त्याचं म्हणणं. म्हणजे सतराव्या शतकाच्या अखेरीस लंडनमध्ये या शब्दाला दुकानदारीचा वास होता. त्याच सुमारास मिडलंड्समध्ये तोच शब्द मालकाचा होऊ लागला होता.

या धंद्याचं सगळं कडू पाणी 'फ्रेम रेंट'मध्ये साठलं होतं. चौकट होजिअरची, म्हणून तिचं भाडं दर आठवड्याला विणणाऱ्याच्या मजुरीतून कापलं जाई. काम पुरेसं असो वा नसो, भाडं कापलं जाईच. चौकटीच्या किमतीच्या मानाने ते इतकं घसघशीत असे की काही जण केवळ भाड्यासाठी चौकटी विकत घेत. मंदीत काम कमी झालं की होजिअर ते थोड्या लोकांना पुरेसं देत नसे. ते जास्त चौकटींवर थोडं थोडं वाटी, म्हणजे प्रत्येकीचं भाडं चालू राहतं. शेतमजुराची आणि सावकाराची गोष्ट ऐकत वाढलेल्या आपल्या वाचकाला हे गणित समजावून सांगायला नको. 'स्टॉकिंगरसारखा कंगाल' हा वाक्प्रचार त्या भागात यातूनच रुळला.

मार्च १८११ मध्ये नॉटिंगहॅमजवळच्या आर्नोल्ड गावात चौकटी फोडायला सुरुवात झाली. हेच ते लडाइट. यंत्राला भिणारे अडाणी लोक, ही त्यांची आजची ओळख मला नेहमी खटकते. त्यांनी फोडलेली चौकट तोवर दोनशेहून अधिक वर्षं जुनी होती आणि फोडणारे स्वतःच तिच्यावर पोट भरत होते. राग होता तो होजिअरांच्या नव्या चालींवर. रुंद चौकटीवर सलग कापड काढायचं, ते कापून मोज्याच्या आकारात शिवायचं आणि स्वस्तात विकायचं. असा मोजा शिवणीत लगेच उसवतो आणि सगळ्या मालाची पत जाते. शिवाय धंद्यात शिकाऊ उमेदवारी न केलेले कामगार लावायचे आणि मजुरी रोख न देता मालात द्यायची. सरकारने चौकट फोडणाऱ्याला फाशीची तरतूद केली. २७ फेब्रुवारी १८१२ रोजी कवी लॉर्ड बायरनने उमराव सभेतलं आपलं पहिलं भाषण केलं ते या विधेयकाच्या विरोधात. त्याची वडिलोपार्जित जहागीर नॉटिंगहॅमशायरमध्येच होती. कायदा तरीही झाला. १८४४ मध्ये या धंद्याचा इतिहासकार विल्यम फेल्किन याने मोजणी केली, तेव्हा ४८,००० हून अधिक चौकटी भरल्या. फ्रेम रेंट कायद्याने बंद व्हायला १८७४ साल उजाडलं. तोवर वाफेवरचे कारखाने आले होते आणि घरातली चौकट आपोआपच मागे पडत चालली होती. कारखान्याच्या मालकाला लोक होजिअरच म्हणत राहिले. आता मात्र तो मोज्यांबरोबर अंगातल्या बंड्या आणि गंजिफ्राकही काढत होता.

शेजारच्या भाषांकडे पाहिलं तर एक गंमत दिसते. फ्रेंचमध्ये याच धंद्याला 'बॉनेत्री' म्हणतात आणि त्यातल्या माणसाला 'बॉनेतिए'. हे शब्द 'बॉने'वरून, म्हणजे टोपीवरून आले. त्र्वा शहर या बॉनेत्रीसाठी प्रसिद्ध. तिथे मोजे काढणाराही नावाने टोपीवालाच. फ्रान्सने धंद्याला नाव देताना डोकं धरलं, इंग्लंडने पाय धरले. राहिलं धड, ते भारताने धरलं.

भारतातल्या नावाचा प्रवास मात्र दुहेरी आहे. इंग्लिश खाडीतल्या जर्सी आणि गर्न्सी या दोन बेटांवर लोकरीचं विणकाम इतकं बोकाळलं होतं की सतराव्या शतकाच्या सुरुवातीला जर्सीत कापणीच्या दिवसांत विणकामावर बंदी घालावी लागली. शेतात माणसं मिळेनात. तिथल्या नावाड्यांच्या अंगातला विणलेला जाड सदरा म्हणजे 'गर्न्सी फ्रॉक'. तो जहाजांबरोबर कोलकात्याला उतरला आणि बंगालीत 'गेंजी' झाला. मराठीत आला तो शेपटासकट : गंजिफ्राक. माझ्या आजोबांच्या पिढीत बनियनला हाच शब्द होता. त्यातला 'फ्राक' ऐकून आम्हा मुलांना हसू फुटायचं. तो नावाड्याचा फ्रॉक आहे हे कुणाला ठाऊक असणार! जर्सी बेटाचं नाव आपण क्रिकेटच्या मैदानावर घालतो आणि गोठ्यातही बांधतो.

'बनियन'ची वाट उलटी. गुजरातीतला 'वाणियो' पोर्तुगीजांच्या तोंडून इंग्रजीत 'बॅनियन' झाला. वाण्यांच्या अंगातल्या सैल कपड्याला गोरे त्याच नावाने ओळखू लागले. अठराव्या शतकात लंडनचे श्रीमंत घरात 'बॅनियन' नावाचा ऐसपैस झगा घालून बसत. १८८६ साली प्रसिद्ध झालेला हॉब्सन-जॉब्सन हा अँग्लो-इंडियन शब्दकोश सांगतो की बॅनियन म्हणजे अंगातला सदरा, मुळात मलमलीचा, आता मात्र ताणल्या जाणाऱ्या सुती, लोकरी किंवा रेशमी जाळीच्या कापडाचा. म्हणजे नाव देशी वाण्याचं, कापड विलायती होजिअरीचं, आणि ही गाठ १८८६ पर्यंत पक्की बसली होती. तोवर आपल्याकडे अंगाला जे असे ते बंडी किंवा बाराबंदी. दोन्ही मागावरच्या कापडाची, म्हणून ती बसवायला बंद लागत. बनियनला बंद लागत नाही, ते डोक्यातून घालता येतं. इथे बनियन रुजायला हे कारण पुरेसं होतं.

देशातलं पहिलं निटिंगचं युनिट १८९३ मध्ये कोलकात्याच्या खिदिरपूर भागात निघालं, असं या धंद्याच्या इतिहासात सांगितलं जातं. गोदी तिथून जवळ, आणि उष्ण-दमट शहराला सुती बनियन हवंच होतं. कोलकात्याची होजिअरी म्हणजे आजही प्रामुख्याने बनियन-चड्डी. लुधियानाची गोष्ट वेगळी. काश्मीरमधून आलेल्या शालविणकरांमुळे तिथे लोकरीची परंपरा होती. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला हातांनी फिरवायची मोज्यांची यंत्रं आली आणि 'होजरी' म्हणजे स्वेटर, मफलर, कानटोपी असा अर्थ बसला. तमिळनाडूतल्या तिरुपूरने १९२० च्या दशकात बनियनपासून सुरुवात केली आणि तिथे धंद्याचं नावच 'बनियन कंपनी' झालं. आज तिथून टी-शर्ट जगभर जातात, बनियन हा त्यातला एक भाग उरला आहे, तरी कामगार 'बनियन कंपनीत' कामाला जातो. होजिअरच्या बाबतीत इंग्लंडमध्ये झालं तेच इथे झालं. माल बदलला, पहिल्या मालाचं नाव राहिलं.

साम्य तेवढ्यावर थांबत नाही. तिरुपूरच्या पुष्कळ बनियन कंपन्या स्वतः निटिंग करत नाहीत. सूत घ्यायचं, जॉबवर्कवर निटिंगवाल्याकडे टाकायचं, तिथून ब्लीचिंग, डाईंग, मग कटिंग आणि ओव्हरलॉक, प्रत्येक टप्पा वेगळ्या पत्त्यावर. ऑर्डर ज्याच्या हातात, तो उत्पादक. यंत्रावर उभा असलेला माणूस निटिंग ऑपरेटर किंवा पीस रेटवरचा, म्हणजे नगावर मजुरी घेणारा, टेलर. कॅल्व्हर्टनच्या स्टॉकिंगरला ही मांडणी ओळखीची वाटली असती. आपल्याकडे तर 'होजिअरीवाला' म्हणजे तिरुपूरचा किंवा कोलकात्याचा माल गाठोड्याने आणून विकणाराही असतो. हा शब्द बनवणाऱ्या आणि विकणाऱ्यात भेद करतच नाही. मध्ययुगीन होजिअरची संदिग्धता मराठीत नव्याने जन्माला आली, आणि कुणी ती मुद्दाम आणलेलीही नाही.

महाराष्ट्रात याचा कारखानदारीशी संबंध बेताचाच. इचलकरंजी, मालेगाव, भिवंडी, सोलापूर ही सगळी मागांची गावं. तिथे पॉवरलूम, बीम, पिक हे शब्द चालतात. होजिअरी हा शब्द कारखान्यात ऐकू येतो तो सूतगिरणीत. निटिंगसाठी कमी पिळाचं, मऊ सूत लागतं, त्याला 'होजिअरी यार्न' म्हणतात. मागाच्या ताण्याला लागणारं सूत जास्त पिळाचं, कणखर. त्या दोन पिळांत विणण्याच्या दोन जाती वेगळ्या पडतात. मराठी क्रियापदाला जे जमलं नाही ते गिरणीतल्या जॉबरला, म्हणजे मुकादमाला, बोटांनी कळतं.

जकातीच्या भाषेत मात्र 'होजिअरी' पुन्हा पायावर उतरली आहे. आंतरराष्ट्रीय वर्गवारीत ६१ व्या प्रकरणात निट केलेले कपडे येतात आणि ६२ व्यात मागावरच्या कापडाचे. बनियन आणि टी-शर्ट ६१०९ खाली. 'होजिअरी' हा शब्द येतो तो ६११५ मध्ये, स्टॉकिंग आणि मोज्यांबरोबर. अमेरिकेतही त्याचा अर्थ एवढाच. बनियनचा व्यापारी पाटीवर होजिअरी लिहितो आणि निर्यातीच्या कागदावर त्याच मालाला तो शब्द लावू शकत नाही.

मिडलंड्समधल्या कामगारांच्या संघटनेच्या नावात 'होजिअरी' कित्येक दशकं होतं, पुढे त्याला 'निटवेअर' जोडलं गेलं. १९९१ मध्ये ती संघटना पादत्राणांच्या कामगारांच्या संघटनेत मिसळली. नव्या नावात निटवेअर राहिलं, पादत्राणं आली, कपडे आले. होजिअरी गळून पडली. तिरुपूरच्या नव्या कंपन्याही आता नावापुढे 'निट्स' किंवा 'निटवेअर' लावतात. आपल्याकडच्या बाजारपेठेत, कटलरीच्या शेजारी, जुनी पाटी अजून आहे.