भारतीय फुटबॉलची ‘सर्वोच्च श्रेणी’: एका दर्जाची पार्श्वभूमी

देशातील पुरुष फुटबॉलची सर्वोच्च लीग कोणती, याचे आजचे उत्तर, म्हणजे इंडियन सुपर लीग, सर्वांना ठाऊक आहे. ती कधीपासून सर्वोच्च झाली, याचे उत्तर मात्र कोणत्या नोंदवहीत पाहावे यावर अवलंबून राहते. ही सुपर लीग २०१४ मध्ये सुरू झाली, तिच्या संघांना आशियाई स्पर्धेची वाट २०१७ मध्ये मोकळी झाली, आणि ‘सर्वोच्च श्रेणी’ हे बिरुद तिला २०१९ च्या ऑक्टोबरमध्ये, सहावा हंगाम सुरू होऊन काही दिवस उलटल्यावर मिळाले. त्याआधीच्या पाच हंगामांत सर्वाधिक प्रेक्षक, सर्वाधिक पैसा आणि दूरचित्रवाणीचा सर्वाधिक वेळ जिच्याकडे होता, ती लीग आणि जिचा विजेता देशाचा अधिकृत विजेता ठरत होता, ती लीग, म्हणजे आय-लीग, या दोन वेगळ्या स्पर्धा होत्या. आज पदावनतीवरून (तळाच्या संघाने खालच्या श्रेणीत जाण्यावरून), परवान्यांवरून आणि जुन्या विजेतेपदांच्या मोजदादीवरून जे वाद चालू आहेत, त्यांचे मूळ याच काळात आहे.

राष्ट्रीय लीग ही कल्पनाच आपल्याकडे उशिरा रुजली. ड्युरँड चषक १८८८ पासूनचा, रोव्हर्स चषक त्यानंतर थोड्याच वर्षांत मुंबईत सुरू झालेला, संतोष करंडक १९४१ चा आणि फेडरेशन चषक १९७७ चा. परंतु या सगळ्या चषकस्पर्धा काही आठवड्यांत आटोपणाऱ्या होत्या. वर्षभर चालणारे फुटबॉल म्हणजे कोलकाता, गोवा, मुंबई अशा ठिकाणच्या स्थानिक लीग. देशभर फिरून घरच्या आणि बाहेरच्या मैदानांवर खेळायची पहिली स्पर्धा, म्हणजे राष्ट्रीय फुटबॉल लीग, १९९६-९७ च्या हंगामात बारा संघांसह सुरू झाली आणि पहिले विजेतेपद फगवाड्याच्या जेसीटी संघाने पटकावले. त्या काळच्या अनेक संघांच्या मागे एखादी गिरणी, बँक, विमानकंपनी किंवा सार्वजनिक उद्योग उभा असे आणि बऱ्याच खेळाडूंच्या हाती क्लबच्या कराराऐवजी नोकरीचे नेमणूकपत्र असे. तिकीटविक्रीवर किंवा प्रक्षेपण हक्कांवर संघ जगावा अशी ती रचना नव्हती. मालकाच्या इच्छेवर तो जगत होता, आणि मालकाने मन काढून घेतले की बंद पडत होता.

मराठी वाचकांना या लीगविषयी वेगळी आपुलकी वाटावी असे एक कारण आहे, आणि ते पुरेसे सांगितले जात नाही. पहिल्या आठ हंगामांपैकी सहा कोलकात्याच्या दोन बड्या संघांनी जिंकले. त्यानंतर २००४-०५ ते २०१२-१३ हे सलग नऊ हंगाम विजेतेपद अरबी समुद्राचा किनारा सोडून कुठेही गेले नाही. गोव्याच्या धेंपोने पाच वेळा, तेथल्याच चर्चिल ब्रदर्सने दोनदा आणि साळगावकरने एकदा आणि मुंबईच्या महिंद्रा युनायटेडने २००५-०६ मध्ये एकदा, असा त्या नऊ हंगामांचा हिशेब आहे. एखाद्या जिल्ह्याएवढ्या लोकसंख्येच्या राज्याने राष्ट्रीय लीगवर असे जवळपास दशकभर राज्य करणे ही भारतीय क्रीडाजगतातील असामान्य घटना होती. गावोगावच्या मैदानांवर घडलेले खेळाडू, खाणव्यवसायातून क्लबकडे वळलेला पैसा आणि वर्षानुवर्षे टिकवलेली प्रशिक्षकांची घडी यांच्या जोरावर ती घडली. पुढे दर्जाचा वाद पेटला तेव्हा गोव्याचे क्लब इतके का दुखावले, हे समजून घ्यायचे तर हा हिशेब विसरून चालणार नाही.

याच काळात, २००७ मध्ये, राष्ट्रीय लीगचे रूपांतर ‘आय-लीग’मध्ये झाले. पहिल्या हंगामात दहा संघ होते. व्यावसायिकतेच्या आशियाई निकषांपर्यंत पोहोचणे हा त्यामागचा घोषित हेतू होता; परंतु मैदाने तीच राहिली, बहुतेक संघ तेच राहिले आणि प्रेक्षक हळूहळू कमी होत गेले. महिंद्रा युनायटेड हा संघ २०१० मध्ये बंद झाला, तर पहिला राष्ट्रीय विजेता जेसीटी २०११ मध्ये. माजी विजेते अशा रीतीने मैदानातून नाहीसे होत असताना २०१० च्या डिसेंबरमध्ये राष्ट्रीय फुटबॉल महासंघाने एका खासगी भागीदार कंपनीशी पंधरा वर्षांचा, सुमारे ७०० कोटी रुपयांचा करार केला. देशातील फुटबॉलचे व्यापारी हक्क या कराराने त्या भागीदाराकडे गेले आणि नवी लीग उभारण्याची मुभाही त्याला मिळाली. भारतीय फुटबॉलच्या पुढच्या दीड दशकाचा आराखडा त्या करारात होता, असे मागे वळून पाहताना म्हणावे लागते.

नव्या लीगचा पहिला सामना १२ ऑक्टोबर २०१४ रोजी कोलकात्याच्या सॉल्ट लेक मैदानावर झाला. आठ शहरांचे आठ नवे संघ, परदेशातून आणलेले निवृत्तीच्या उंबरठ्यावरचे नामवंत खेळाडू आणि जेमतेम दहा आठवड्यांचा हंगाम असे तिचे स्वरूप होते. मैदानावर उतरणाऱ्या अकरा जणांत भारतीय पाचच असत. अनेक भारतीय खेळाडू आय-लीगच्या क्लबांकडून उसने घेतले जात आणि डिसेंबर संपला की परत जात. खाली घसरण्याची भीती नव्हती आणि कोणाला खालून वर येण्याचा मार्गही नव्हता; प्रवेश फ्रँचायझीच्या शुल्कावर मिळत असे. एवढे असूनही स्टेडियमे भरली, आणि ही गोष्ट लहान नव्हती. ज्या खेळाडूंनी वर्षानुवर्षे तुरळक प्रेक्षकांसमोर राष्ट्रीय विजेतेपदाचे सामने खेळले होते, ते पहिल्यांदाच पन्नास-साठ हजारांच्या गर्जनेत उतरत होते.

पेच सुरू झाला तो दोन्ही लीग एकमेकींच्या आड येऊ लागल्यावर. २०१६ च्या मध्यावर महासंघाने फेररचनेचा प्रस्ताव मांडला. त्यात सुपर लीग सर्वांत वर, आय-लीगचा नवा अवतार तिच्याखाली आणि वरच्या श्रेणीत जाण्याचा मार्ग काही वर्षे बंद, अशी मांडणी होती. धेंपोचा संघ २०१५ मध्ये दुसऱ्या विभागात घसरला होता आणि २०१६ मध्ये तो विभाग जिंकून त्याने आय-लीगमधील जागा मैदानावर परत मिळवली होती. ती जागा घ्यायला तो गेलाच नाही. धेंपो, साळगावकर आणि स्पोर्टिंग क्लब द गोवा या तीनही क्लबांनी राष्ट्रीय लीगमधून माघार घेतली. खेळून मिळवलेली बढती जर उद्या कागदावर दुय्यम ठरणार असेल, तर तिच्यासाठी कोट्यवधी रुपये का घालायचे, हा त्यांचा सवाल होता आणि त्याला त्या वेळी कोणी सरळ उत्तर दिले नाही.

या माघारीतून एक अशी गोष्ट घडली की तिची नोंद सविस्तर घ्यायला हवी. २०१५-१६ मध्ये मिझोरमचा ऐझॉल एफसी आय-लीगमधून खाली घसरला होता. गोव्याच्या क्लबांनी रिकाम्या केलेल्या जागांमुळे त्याला परत बोलावण्यात आले. पुढच्या हंगामाच्या शेवटच्या दिवशी, ३० एप्रिल २०१७ रोजी, शिलाँगमध्ये त्याला विजेतेपदासाठी केवळ बरोबरी हवी होती. ऐझॉल आधी एका गोलने मागे पडला, उत्तरार्धात त्याने बरोबरी साधली, ती शेवटच्या शिट्टीपर्यंत टिकवली, आणि ईशान्येकडील राज्यांमधला एक संघ प्रथमच देशाचा विजेता झाला. त्याचा प्रशिक्षक पूर्वी मुंबईच्याच एका आय-लीग संघाला वर्षानुवर्षे पदावनतीपासून वाचवत आलेला होता. ऐझॉलचा संघ विजयाच्या आनंदात असतानाच पुढच्या वर्षी आपल्याला कोणत्या श्रेणीत खेळवणार, याची चिंता त्याला लागली होती. राष्ट्रीय विजेत्याला आपल्या श्रेणीसाठी उपोषणाचा इशारा द्यावा लागला. लीगची रचना आणि लीगमधील पराक्रम यांची इतकी फारकत आपल्या फुटबॉलमध्ये दुसऱ्या कोणत्याही वर्षी दिसली नाही.

तात्पुरता तोडगा म्हणून २०१७-१८ पासून दोन्ही लीग एकाच वेळी चालवण्यात आल्या. आय-लीगच्या विजेत्याकडे आशियाई चॅम्पियन्स लीगच्या पात्रतेची संधी राहिली आणि सुपर लीगच्या विजेत्याला आशियाई महासंघाच्या दुसऱ्या क्रमांकाच्या स्पर्धेत प्रवेश मिळाला. म्हणजे कागदावर आय-लीग अजूनही वरचढ होती. त्याच हंगामात आय-लीगचा दोनदा विजेता ठरलेला बेंगळुरू एफसी सुपर लीगमध्ये निघून गेला आणि वाऱ्याची दिशा कोणती, हे स्पष्ट झाले.

‘सर्वोच्च श्रेणी’ या शब्दाचा खरा गुंता २०१९ चा आहे. आय-लीगमधील काही क्लबांनी त्या वर्षी दोन्ही लीगच्या क्लबांसाठीच्या सुपर कप या राष्ट्रीय चषकस्पर्धेवर बहिष्कार टाकला आणि देशाच्या सर्वोच्च नेतृत्वापर्यंत दाद मागितली. ऑक्टोबरच्या मध्यास क्वालालंपूर येथे आशियाई महासंघ, राष्ट्रीय महासंघ, भागीदार कंपनी आणि क्लबांचे प्रतिनिधी यांची बैठक झाली, तीत एक आराखडा मांडला गेला आणि २६ ऑक्टोबर रोजी व्हिएतनाममधील दानांग येथे आशियाई महासंघाच्या कार्यकारिणीने तो मंजूर केला. सुपर लीगचा हंगाम २० ऑक्टोबरलाच सुरू झाला होता. आराखड्यात पायऱ्या होत्या. २०१९-२० पासून सुपर लीग सर्वोच्च आणि तिच्या साखळी फेरीत पहिला येणारा संघ चॅम्पियन्स लीगचा हक्कदार. २०२०-२१ च्या अखेरीपर्यंत आय-लीगच्या दोन क्लबांना निकष पूर्ण केल्यास वर येण्याची वाट. २०२२-२३ पासून आय-लीगच्या विजेत्याला प्रवेशशुल्काविना बढती. आणि २०२४-२५ मध्ये बढती व पदावनती यांची संपूर्ण अंमलबजावणी.

हा निर्णय अपरिहार्य होता, असे त्याचे समर्थक म्हणतात, आणि त्यात तथ्य आहे: एका देशात दोन समांतर अव्वल लीग फार काळ चालू शकत नव्हत्या. तथापि दर्जा मिळण्याचा क्रम लक्षात घेतला पाहिजे. वरची जागा सुपर लीगला तत्काळ मिळाली. त्या बदल्यात खालच्यांना दिलेले वचन पाच वर्षांवर ढकलले गेले. ज्या श्रेणीतून कोणी खाली पडत नाही, तिला सर्वोच्च म्हणता येते. परंतु फुटबॉलच्या अर्थाने तिला श्रेणी म्हणता येते का, हा प्रश्न प्रस्तुत लेखकाला आजही सतावतो.

२०१९-२० या एका हंगामाच्या नोंदीही सरळ लागत नाहीत. १० मार्च २०२० रोजी मोहन बागानने कल्याणी येथे ऐझॉलला १-० असे हरवून चार फेऱ्या बाकी असतानाच आय-लीग जिंकली. चारच दिवसांनी, १४ मार्च रोजी, महामारीमुळे रिकाम्या ठेवलेल्या मडगावच्या फातोर्डा मैदानावर कोलकात्याच्याच एटीकेने सुपर लीगचा अंतिम सामना ३-१ असा जिंकला. आराखड्यानुसार त्या वर्षी देशाचा अव्वल विजेता एटीके ठरतो. मोहन बागानच्या समर्थकांच्या लेखी ते त्यांचे पाचवे राष्ट्रीय विजेतेपद आहे. आणि चॅम्पियन्स लीगची जागा या दोघांपैकी कोणालाच मिळाली नाही. ती साखळी फेरीत पहिल्या आलेल्या एफसी गोवाला मिळाली. पुढच्या हंगामापासून एटीके आणि मोहन बागान एकत्र होऊन एकच संघ म्हणून सुपर लीगमध्ये उतरले, आणि आय-लीगच्या विजेतेपदावर मिळालेली आशियाई स्पर्धेतील जागा त्या एकत्रित संघाने वापरली.

यातूनच दुसरा गुंता आला, तो ‘विजेता’ या शब्दाचा. २०१९-२० पासून गुणतक्त्यात पहिल्या येणाऱ्या संघाला लीग विजेत्याची ढाल दिली जाऊ लागली आणि आशियाई प्रवेश तिच्याशी जोडला गेला. चषक मात्र बाद फेरीतून अंतिम सामना जिंकणाऱ्याला मिळत राहिला आणि विजेता म्हणून त्याचेच नाव लागत राहिले. मुंबई सिटीने २०२०-२१ मध्ये दोन्ही पटकावले, तेव्हा प्रश्न उद्भवला नाही. २०२३-२४ मध्ये ढाल मोहन बागानकडे गेली आणि अंतिम सामना मुंबई सिटीने जिंकला, तेव्हा दोन्ही शहरांत विजेतेपद साजरे झाले.

महामारीतील दोन हंगाम जवळजवळ संपूर्णपणे गोव्यात, फातोर्डा, बांबोळी आणि वास्को या तीन मैदानांवर रिकाम्या गॅलऱ्यांसमोर खेळवले गेले. ज्या राज्याचे जुने क्लब राष्ट्रीय लीगबाहेर राहिले होते, त्यानेच सर्वोच्च लीग तगवली. २०२१ च्या एप्रिलमध्ये एफसी गोवाने फातोर्ड्यावर कतारच्या अल रय्यानला गोलशून्य बरोबरीत रोखून चॅम्पियन्स लीगच्या गटसाखळीत खेळणारा पहिला भारतीय क्लब असा मान मिळवला.

पुण्याची कहाणी याहून कष्टी करणारी आहे. आय-लीगमधील पुणे एफसी २०१५ च्या सुमारास विरला, भारत एफसी एकच हंगाम टिकला आणि सुपर लीगमधील एफसी पुणे सिटी २०१९ मध्ये संपला. त्याची जागा हैदराबादला गेली, आणि २०२५ मध्ये ती हैदराबादहून दिल्लीला गेली. बालेवाडीच्या मैदानावर शनिवार-रविवारी नारिंगी किंवा लाल-पांढरे झेंडे घेऊन येणाऱ्या तरुणांना आता कोणत्याच राष्ट्रीय लीगमध्ये आपल्या शहराचा संघ नाही.

आराखड्यातील बढतीचे कलम अखेर लागू झाले. २०२३ मध्ये पंजाबचा आणि २०२४ मध्ये मोहम्मडन स्पोर्टिंगचा संघ आय-लीग जिंकून वर आला. २०२४-२५ मध्ये त्या बढतीची किंमत किती वाढली आहे, ते दिसले: एका सामन्यातील अपात्र खेळाडूच्या तक्रारीवरून गुणांचा वाद पेटला, चर्चिल ब्रदर्सना आधी विजेते घोषित करण्यात आले आणि जुलै २०२५ मध्ये आंतरराष्ट्रीय क्रीडा लवादाने विजेतेपद इंटर काशीला दिले. पदावनतीचे कलम मात्र त्या हंगामातही कागदावरच राहिले. तळाचा संघ होता तेथेच राहिला. २०१० चा करार डिसेंबर २०२५ मध्ये संपला, त्याचे नूतनीकरण वेळेत झाले नाही, आणि एरवी सप्टेंबरच्या सुमारास सुरू होणारी लीग २०२६ च्या फेब्रुवारीत, १४ संघांनी एकमेकांशी एकदाच खेळायचे अशा ९१ सामन्यांच्या आटोपशीर रूपात सुरू करावी लागली.

धेंपो क्लब दुसऱ्या विभागातून बढती मिळवून २०२४-२५ मध्ये आय-लीगमध्ये परतला. पाच राष्ट्रीय विजेतेपदे, त्यांपैकी तीन आय-लीग याच नावाच्या स्पर्धेतली, त्याच्या नावावर आहेत. फरक इतकाच की त्या वेळी ती देशाची पहिली श्रेणी होती आणि तो परतला तेव्हा ती दुसरी झाली होती.