चरित्र अभिनेता (अमेरिकन स्वतंत्र चित्रपट)

नायक किंवा खलनायक नसलेल्या, पण स्वतःचा ठसा असलेल्या भूमिका वर्षानुवर्षे करणारा नट म्हणजे चरित्र अभिनेता. मोठ्या स्टुडिओंबाहेर, तुटपुंज्या पैशांत निघणाऱ्या अमेरिकन चित्रपटांची बरीच भिस्त त्याच्यावर असते. त्यांना बडे तारे परवडत नाहीत आणि दोन दृश्यांत अख्खा माणूस उभा करणारा नट तर हवाच असतो. अशा कामावर घर चालणे अवघड, त्यामुळे हाच नट स्टुडिओंचे चित्रपट आणि दूरचित्रवाणी मालिकाही करत राहतो.

हॅरी डीन स्टॅन्टन (१९२६–२०१७) यांची कारकीर्द याच वळणाची. जन्म केंटकीतला. दुसऱ्या महायुद्धात नौदलाच्या जहाजावर ते आचारी होते, नंतर पॅसाडीना प्लेहाउसमध्ये अभिनय शिकले. १९५० च्या दशकापासून दूरचित्रवाणीवरच्या वेस्टर्न मालिकांत किरकोळ कामे मिळू लागली. ‘एलियन’ (१९७९) या स्टुडिओपटातला यंत्रकामगार ब्रेट अनेकांना आठवतो तो तिथे तो कामगारच वाटतो म्हणून.

प्रमुख भूमिका मिळाली ती पन्नाशी उलटून गेल्यावर, विम वेंडर्स यांच्या ‘पॅरिस, टेक्सस’मध्ये (१९८४). वाळवंटातून चालत आलेला ट्रॅव्हिस सुरुवातीची वीसहून अधिक मिनिटे अवाक्षर काढत नाही. शेवटाकडे मात्र एकतर्फी काचेआडून, फोनवर, तो पत्नीला त्यांच्याच संसाराची गोष्ट सांगतो, जणू दुसऱ्याच कुणाची. हुंदका नाही, आवाज चढत नाही. इतका संयम भल्याभल्या नायकांना जमलेला नाही. चित्रपटाला फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवात ‘पाम द’ओर’ हा सर्वोच्च पुरस्कार मिळाला. त्याच वर्षीच्या ‘रेपो मॅन’मध्ये ते हप्ते थकलेल्या गाड्या उचलून नेणारा बड नावाचा मुरलेला माणूस झाले. तारेपद काही आले नाही, पुन्हा छोट्या भूमिकाच. डेव्हिड लिंच यांच्या ‘द स्ट्रेट स्टोरी’त (१९९९) एक म्हातारा गवत कापायच्या यंत्रावर बसून आजारी भावाला भेटायला निघतो. तो भाऊ म्हणजे स्टॅन्टन, आणि ते दिसतात फक्त शेवटच्या दृश्यात.

स्टॅन्टन किंवा त्यांच्यासारखेच चरित्र अभिनेते एम. एमेट वॉल्श दुय्यम भूमिकेत असले, तर चित्रपट अगदीच वाईट निघत नाही, असा नियम समीक्षक रॉजर एबर्ट यांनी मांडला होता. ‘ड्रीम अ लिटल ड्रीम’ने (१९८९) तो मोडल्याचे त्यांनीच कबूल केले.

‘लकी’मध्ये (२०१७) नव्वदीचे स्टॅन्टन पुन्हा प्रमुख भूमिकेत आले. पात्राला नौदलातल्या आचाऱ्याचा भूतकाळही त्यांचाच दिला होता. दिग्दर्शक जॉन कॅरोल लिंच हेही मुळात चरित्र अभिनेतेच. स्टॅन्टन यांच्या निधनानंतर दोन आठवड्यांनी हा चित्रपट अमेरिकेत प्रदर्शित झाला.