‘पहिले कागद’ : एका सपातावाल्याच्या चित्रांची पार्श्वभूमी

चित्रकार मॉरिस हर्शफील्ड यांच्या नावाला आज स्वयंशिक्षित, स्थलांतरित आणि अतिवास्तववाद्यांचे लाडके अशी तीन विशेषणे एका दमात जोडली जातात. प्रत्यक्षात ती वेगवेगळ्या वेळी आणि वेगवेगळ्या गरजांतून चिकटलेली आहेत. अतिवास्तववाद म्हणजे १९२४च्या जाहीरनाम्याने सुरू झालेली, स्वप्न व अबोध मन यांवर भर देणारी कला-साहित्यातील चळवळ. येथे विचार करायचा आहे तो मुख्यतः १९४० ते १९४६ या काळाचा, कारण तिन्ही विशेषणांची गाठ याच काळात न्यू यॉर्कमध्ये पडली.

हर्शफील्ड यांचा जन्म १८७२चा, रशियाच्या अंमलाखालील पोलंडमधला. अठराव्या वर्षाच्या सुमारास ते न्यू यॉर्कला आले, स्त्रियांचे कपडे शिवणाऱ्या कारखान्यात राबले, पुढे भावाबरोबर स्वतःचे दुकान काढले आणि अखेरीस घरात वापरायच्या मऊ सपातांच्या धंद्यात स्थिरावले. प्रकृती ढासळल्यामुळे धंदा सुटला आणि १९३७ साली, वयाच्या पासष्टाव्या वर्षी, त्यांनी कुंचला हाती घेतला. पहिली दोन चित्रे त्यांनी घरात आधीपासून असलेल्या चित्रांवरच रंगवली आणि ती पुरी व्हायला दोन वर्षे लागली. मनाला काय हवे ते कळत होते, पण हात ऐकत नव्हते, अशी त्यांची त्या दिवसांची आठवण आहे. या दोनांपैकी ‘अंगोरा मांजर’ हे चित्र जवळून पाहावे. बैठकीवर बसलेल्या त्या मांजराचा एकेक केस सुटा काढलेला आहे, जणू मखमलीवर उलटा हात फिरवून तिची लव उभी केली आहे, आणि त्या केसाळ वस्तुमानातून दोन डोळे पाहणाऱ्यावर थेट रोखलेले आहेत. अशा चित्रकाराला ‘स्वयंशिक्षित’ म्हणताना थोडे थबकायला हवे. कलाशाळेचे तोंड त्यांनी पाहिले नव्हते, हे खरे. पण कापड बेतणे, उजव्या-डाव्या बाजू जुळवणे, कडेला गोट लावणे यांत त्यांची चार दशके गेली होती आणि ते सारे शिक्षण कॅनव्हासवर उतरलेले दिसते.

आता दुसरी बाजू. जून १९४०मध्ये फ्रान्सने शरणागती पत्करली आणि युद्धविरामाच्या एकोणिसाव्या कलमाने, जर्मनी मागेल त्या जर्मन निर्वासिताला हवाली करण्याचे बंधन फ्रान्सवर आले. अतिवास्तववादी मंडळी दक्षिण फ्रान्समधील मार्सेय बंदरात व्हिसाच्या प्रतीक्षेत अडकली. मार्च १९४१मध्ये १९२४च्या जाहीरनाम्याचे लेखक, कवी आंद्रे ब्रेताँ एका खचाखच भरलेल्या बोटीने निघाले आणि कॅरिबियनमधील मार्टिनिक बेटामार्गे न्यू यॉर्कला पोहोचले. फ्रेंच कलावंत मार्सेल द्युशाँ १९४२च्या उन्हाळ्यात आले. त्याच वर्षी १४ ऑक्टोबरला मॅडिसन अॅव्हेन्यूवरील एका जुन्या हवेलीत या दोघांनी जे प्रदर्शन मांडले त्याचे नाव होते ‘अतिवास्तववादाचे पहिले कागद’.

हे नाव अनेकदा चुकीचे वाचले जाते. ‘पहिले कागद’ म्हणजे आरंभीचे निबंध किंवा कागदावरची रेखाटने नव्हेत. अमेरिकेचे नागरिकत्व मिळवण्याच्या १९०६च्या कायद्यात परक्याला आधी आपला इरादा जाहीर करणारा दस्तऐवज दाखल करावा लागे आणि त्यानंतर किमान दोन वर्षांनी, पाच वर्षांचे वास्तव्य भरल्यावर, प्रत्यक्ष अर्ज करता येई. इराद्याच्या त्या दस्तऐवजाला बोलीभाषेत ‘पहिले कागद’ म्हणत. पूर्वीच्या देशाच्या सत्तेवरील निष्ठा सोडण्याचा मानस त्यात लिहून द्यावा लागे. स्वतःला कोणत्याच राष्ट्राचे न मानणाऱ्या चळवळीने हा कारकुनी शब्द उचलला, यात उपहास आहे. पण व्हिसासाठी महिनोन्‌महिने रांगा लावलेल्या माणसांनी तो उचलला, म्हणून त्यात निव्वळ उपहासच आहे असे मानणे मला पटत नाही. दालनभर द्युशाँ यांनी दोरी अशी ताणली होती की चित्रांपर्यंत नजर सरळ पोहोचत नसे. या दोरीची लांबी १६ मैल सांगितली जाते. वापरली गेली ती त्याहून पुष्कळच कमी.

त्याच जाळ्यापलीकडे हर्शफील्ड यांचेही चित्र होते. विस्थापितांच्या प्रदर्शनात अर्ध्या शतकापूर्वी आलेल्या स्थलांतरिताला जागा मिळाली, आणि दोन्ही शब्द तेव्हापासून एकमेकांत मिसळले. ते मिसळू नयेत. हर्शफील्ड पोटापाण्यासाठी येऊन इथलेच झाले होते; ब्रेताँ जीव वाचवून आले होते आणि इंग्रजी शिकायलाही नाखूश होते. यजमान कोण आणि पाहुणा कोण, हे ठरवणे कठीण आहे.

सर्वाधिक वाद झाला तो पुढच्या वर्षी. १९४३च्या उन्हाळ्यात न्यू यॉर्कच्या आधुनिक कलेच्या प्रमुख संग्रहालयाने या निवृत्त सपातावाल्याची ३० चित्रे एकट्याच्या प्रदर्शनात मांडली. समीक्षक तुटून पडले. हर्शफील्ड यांच्या चित्रांतल्या स्त्रियांचे दोन्ही पाय एकाच बाजूचे दिसतात म्हणून एका नियतकालिकाने त्यांना ‘दोन डाव्या पायांचा उस्ताद’ ठरवले. ऑक्टोबरमध्ये संग्रहालयाच्या संचालकाला पद सोडावे लागले. विश्वस्तांशी मतभेद जुनेच होते, तरी त्या कारणांत हे प्रदर्शनही धरले जाते. निवड धाडसाची होती, चुकीची नव्हती. सदोष म्हणून मोजले गेलेले ते पाय आकृतीच्या समतोलात चपखल बसतात, आणि पायताणात आयुष्य गेलेल्या माणसाला पाय कसा असतो हे ठाऊक नव्हते, असे मानणे हास्यास्पद आहे.

नंतरच्या शब्दांनी गुंता वाढवलाच. १९४५मध्ये फ्रान्समध्ये प्रशिक्षणाबाहेरच्या कलेसाठी ‘कच्ची कला’ या अर्थाचा शब्द आला, १९७२मध्ये इंग्रजीत ‘आउटसायडर आर्ट’ रूढ झाला, आणि हर्शफील्ड त्या खणात जाऊन पडले. अतिवास्तववाद्यांच्या सोबतीने त्यांना पुन्हा पाहणारे मोठे प्रदर्शन न्यू यॉर्कमध्ये भरायला २०२२ उजाडले. चित्रकार म्हणून त्यांना अवघी नऊ वर्षे मिळाली होती आणि तेवढ्यात ऐंशीच्या आत-बाहेर चित्रे झाली. जुलै १९४६मध्ये त्यांचे निधन झाले. त्याच वर्षी ब्रेताँ पॅरिसला परतले होते.