मंदकाच: दहा वर्षांची नको, बारा तासांची हवी

उत्तर आयर्लंडचे विज्ञानकथाकार बॉब शॉ यांनी १९६६ साली एका कथेत ‘मंदकाच’ कल्पिली. तिच्यात एका बाजूने शिरलेला प्रकाश दुसऱ्या बाजूला पोचायला वर्षे लागतात. तावदान दहा वर्षे एखाद्या तळ्याकाठी उभे ठेवायचे आणि मग शहरातल्या घराला बसवायचे. पुढची दहा वर्षे त्या खिडकीत तळे दिसते. नवे तावदान मात्र ठार काळे असते, कारण पहिला किरणच अजून पलीकडे पोचलेला नसतो. कल्पना इतकी देखणी आहे की तिचे गणित मांडायलाच हवे.

काच ६ मिलिमीटर जाडीची धरू. दहा वर्षांत ६ मिलिमीटर, म्हणजे प्रकाशाची चाल दिवसाला सुमारे १.६ मायक्रॉन (मायक्रॉन म्हणजे मिलिमीटरचा हजारावा भाग). आपली नखे याच्या साठपट वेगाने वाढतात! बाजारातल्या अशा काचेच्या जाडीत ०.२ मिलिमीटरचा फरक चालवून घेतात. इथे तेवढ्या फरकाचे चार महिने होतात. तावदानाच्या एका कोपऱ्यात वैशाख, तर दुसऱ्यात भाद्रपद. उत्तम भिंगासारखी घोटून ०.१५ मायक्रॉनपर्यंत सपाट केली, तरी दोन तासांची तफावत उरतेच.

जाडी साधली तरी कोनाची अडचण राहते, आणि ती जास्त चिवट आहे. तिरपा किरण काचेतून लांबचा रस्ता घेतो. साध्या काचेसारखाच तो वाकतो असे मानले, तर ३० अंशांनी आलेल्या किरणाचा रस्ता ६ टक्क्यांनी लांबतो. दहा वर्षांचे ६ टक्के म्हणजे सात महिने. मधोमध तर याहून बिकट: नजर सरळ रेषेपासून जेमतेम दीड अंश, हात लांब करून धरलेल्या बोटाच्या रुंदीएवढी, सरकली की बारा तासांचा फरक पडतो. तळ्याऐवजी दिवस आणि रात्रीची एकात एक कडी दिसतील.

काचेतल्या प्रत्येक अणूभोवती वेटोळे घालणाऱ्या बोगद्यातून प्रकाश जातो, असे शॉ यांनी कथेत सुचवले. पण प्रकाश नेहमीच्या वेगाने नुसता वेटोळ्यांत फिरवायचा, तर दहा वर्षांत त्याला दहा प्रकाशवर्षे अंतर कापावे लागेल. आजच्या चांगल्या प्रकाशतंतूत दर १५ किलोमीटरला निम्मा प्रकाश गळतो. तेवढे अंतर तो सेकंदाच्या दहा हजाराव्या भागाच्या आतच कापतो.

शिवाय ऊर्जा. उभ्या तावदानावर रात्रंदिवसाची सरासरी धरून चौरस मीटरला १०० वॅट प्रकाश पडला, तर दहा वर्षांत सुमारे ३० अब्ज ज्यूल साठतात. काच फुटली तर काही बिघडत नाही. प्रत्येक तुकडा आपला प्रकाश धरून राहील. पण ती वितळून तिचा मंदपणा एकदम गेला, तर साडेसात टन टीएनटी या स्फोटकाचा स्फोट झाल्यासारखे होईल.

प्रयोगशाळेत प्रकाश मंदावण्याची रीत अगदी निराळी आहे. डॅनिश भौतिकशास्त्रज्ञ लेना हाउ यांच्या गटाने १९९९ साली अतिशीत सोडियम अणूंच्या ढगात प्रकाशाचा वेग सेकंदाला १७ मीटरवर आणला, म्हणजे ताशी ६१ किलोमीटर, साधारण एसटीचा वेग. एरवी हे अणू आपल्या ठरावीक पिवळ्या रंगाचा प्रकाश शोषून घेतात. दुसरा, नियंत्रक लेसर लावला की त्याच रंगापुरती अरुंद पारदर्शक फट उघडते आणि त्या फटीतून जाणारा स्पंद, म्हणजे प्रकाशाचा छोटासा झोत, प्रचंड मंदावतो. स्पंद आत असताना नियंत्रक लेसर बंद केला, की प्रकाशाची खूण अणूंच्या स्पिनमध्ये, म्हणजे त्यांच्या सूक्ष्म चुंबकासारख्या गुणधर्मात, उतरते. लेसर पुन्हा लावला की स्पंद जिवंत होतो. २०१३ साली जर्मनीत डार्मश्टाट इथे प्रेझिओडिमियम हा धातू मिसळलेल्या थंड स्फटिकात अशी खूण एक मिनिट टिकली, तर चीनमध्ये २०२१ साली युरोपियम हा धातू मिसळलेल्या स्फटिकात, थोड्या वेगळ्या पद्धतीने, तासभर. शेजारच्या अणूंची चुंबकक्षेत्रे ती पुसत असतात, म्हणून बाहेरून नेमके चुंबकक्षेत्र आणि रेडिओ स्पंद देऊन ती जपावी लागते.

या रीतीत स्फोटाची भीती नाही, कारण साठते ती माहिती. ऊर्जा जवळजवळ सगळी नियंत्रक लेसरबरोबर निघून जाते. पण वेग जितका कमी, तितकी फट अरुंद. एका रंगाची बारीक रेघ धरता येते, तळ्याकाठचे हिरवे-निळे ऊन नाही.

म्हणून काल्पनिक जग रचणाऱ्याने बारा तासांची काच घ्यावी. तीच ६ मिलिमीटरची, पण प्रकाश तासाला अर्धा मिलिमीटर चालणारी. आता ०.२ मिलिमीटरची चूक २४ मिनिटांची होते आणि ३० अंशांचा तिरपेपणा पाऊण तासाचा. छपरात आडवी बसवली, की सकाळी सहाचे ऊन संध्याकाळी सहाला खोलीत उतरते आणि भर दुपारचे मध्यरात्री. चांगल्या उन्हाच्या दिवशी चौरस मीटरमध्ये ५ युनिट, म्हणजे अर्धा लिटर पेट्रोलइतकी ऊर्जा साठेल. एकदम सुटली तर तीही चार किलो टीएनटीएवढी, तेव्हा अखंड तावदान नको. दहा सेंटिमीटरच्या चौकोनी फरशा सुट्या सुट्या बसवाव्यात. एक बिघडली तरी धक्का ४० ग्रॅम टीएनटीच्या आसपास राहील. सूर्यास्ताला काच सर्वांत भरलेली असते, त्या वेळी छपरावर कुणाला चढू देऊ नये. आणि शेजारी एक साधी खिडकी ठेवायलाच हवी, कारण दिवसभर या काचेतून कालची रात्र खाली उतरत असते.