यीस्ट नाही, सोडा नाही, तरी टम्म

पाव फुगायचा तर यीस्ट हवं, नाहीतर सोडा, हे आपण धरूनच चालतो. ब्राझीलच्या मिनास जेराइस राज्यातला ‘पाऊं जी केजू’, म्हणजे चीजचा पाव, दोन्हींशिवाय फुगतो. (आपला ‘पाव’ही त्याच पोर्तुगीज शब्दातून आलेला.) लिंबाएवढा गोळा, वरून कुरकुरीत, आत चिवट आणि पोकळ.

यात गहू नसतो, कसाव्याच्या कंदाचा स्टार्च असतो. आपला साबुदाणाही त्याचाच, म्हणून मी आधी साबुदाणाच मिक्सरमधून काढला. झाली खळ! साबुदाण्याचे दाणे कारखान्यातच गरम केलेले असतात, त्यामुळे स्टार्च अर्धवट शिजलेला असतो. तेव्हा टॅपिओका स्टार्चच, म्हणजे कसाव्याचा न शिजवलेला स्टार्चच आणा.

खरी गंमत मिनासच्या आंबट स्टार्चमध्ये आहे. ओला स्टार्च पाण्याखाली काही आठवडे आंबवतात आणि मग उन्हात वाळवतात. ऊनच हवं, तोच स्टार्च ओव्हनमध्ये वाळवला तर तितका फुगत नाही. आंबताना तयार झालेलं लॅक्टिक आम्ल आणि उन्हातले अतिनील किरण मिळून स्टार्चच्या लांब साखळ्या तोडतात. ऑक्सिडीकरणाने त्यांवर कार्बोक्सिल (आम्लधर्मी) गट येतात. मग भट्टीत पीठ तापलं, की ही खळ जास्त सैल पडते आणि आत कोंडलेली वाफ तिला फुग्यासारखी ताणते. पाणी उडत जातं तशा साखळ्या हायड्रोजन बंधांनी एकमेकींना धरतात आणि फुग्याची भिंत ताठ होते. गव्हात जे काम ग्लुटेन हे चिवट प्रथिन करतं, ते इथे मोडक्या साखळ्या करतात!

‘ग्लुटेन-फ्री’ म्हणून हा पाव वजन कमी करतो, असं कुणी सांगितलं तर हसून सोडून द्या. सिलिॲक रोग्याला, म्हणजे ज्याला ग्लुटेन सोसतच नाही त्याला, तो वरदान आहे. बाकीच्यांसाठी स्टार्च, तेल आणि चीज.

घरी आंबट स्टार्च मिळणार नाही. साध्यावरही जमतं, पोकळी थोडी कमी येते. पाव किलो स्टार्चवर अर्धा कप दूध आणि पाव कप तेल एकत्र उकळून, उकळतंच ओता. इथे कोमट दूध चालत नाही. स्टार्च थोडा शिजला तरच गोळा वळतो. निवल्यावर एक अंडं आणि दीडशे ग्रॅम किसलेलं मुरलेलं चीज घालून मळा. पीठ हाताला किंचित चिकटायला हवं. कोरडं वाटलं तर चमचाभर दूध आणखी. 200 अंशांवर वीसेक मिनिटं.

गार झाले की रबर होतात, म्हणून खायचे तेवढेच भाजा. उरलेले कच्चे गोळे फ्रीझरमध्ये टाका आणि गोठलेलेच ओव्हनमध्ये ढकला.